निळा, जांभळा, करडा: खेळाच्या नकाशावरचे रंग कुठून आले?

पोकेमॉन गो हा खेळ तुम्ही कधीतरी फोनवर टाकला असेलच, नसेल तर भावाबहिणीच्या फोनवर पाहिला असेल. रस्त्यांच्या रेघा, मधे चालणारं आपलं बाहुलं आणि इकडेतिकडे उभे निळे ठोकळे. हे ठोकळे म्हणजे पोकेस्टॉप. जवळ जायचं, चकती फिरवायची, बॉल, अंडी, औषधं असं सामान गोळा करायचं. फिरवली की ठोकळा जांभळा होतो आणि पाच मिनिटांनी पुन्हा निळा. कुणी तिथे आमिष लावलं असेल तर गुलाबी पाकळ्या उडताना दिसतात. जवळपास जिम असते, ती निळी, लाल किंवा पिवळी; रिकामी असेल तर पांढरट करडी.

भूगोल, संगणक, पर्यावरण किंवा नगररचना शिकणाऱ्यांना हा नकाशा बघितला की एक कल्पना हमखास सुचते. जगभरातल्या लाखो जागांची ही आयती यादी आहे, तर हिंगण्यात किती ठोकळे, सीताबर्डीला किती, हे मोजायचं आणि सार्वजनिक जागांची तुलना करून टाकायची. कल्पना वाईट नाही. पण मोजायच्या आधी एक प्रश्न सोडवावा लागतो: त्या ठोकळ्याचा रंग नेमकं काय सांगतोय, आणि ठोकळा तिथे ठेवला कुणी? त्यासाठी थोडं मागे जावं लागेल.

आधी खेळातलाच एक फरक बघून घेऊ, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. तुम्ही आणि तुमचा मित्र एकाच पोकेस्टॉपसमोर उभे आहात. तुम्ही चकती फिरवली, त्याने नाही. तुमच्या फोनवर जागा जांभळी आहे, त्याच्या फोनवर निळी. म्हणजे हा रंग जागेचा नाहीच, तो तुमचा आणि जागेचा मिळून आहे. जिमचं तसं नाही. ती लाल असेल तर दोघांच्याही फोनवर लालच दिसेल, कारण लाल संघाने ती घेतली आहे. हा रंग सगळ्यांना सामाईक, पण तासाभरात बदलू शकणारा. एकाच पडद्यावर, एकाच खेळात, दोन वेगळ्या जातींचे रंग. स्क्रीनशॉट काढून 'निळे इतके, जांभळे तितके' असा तक्ता केला, तर त्यात जागेबद्दल काही राहत नाही. स्क्रीनशॉट काढणारा गेल्या पाच मिनिटांत कुठे फिरला एवढंच राहतं.

आता या खेळाचे पणजोबा. भारतात जागांना पद्धतशीर रंग देण्याची सवय लावली ती सर्वेक्षण विभागाने. १८०२ मध्ये विल्यम लॅम्ब्टन यांनी मद्रासजवळ पायारेषा मोजून त्रिकोणमितीय सर्वेक्षण सुरू केलं आणि पुढची वीस वर्षं ते काम उत्तरेकडे सरकत गेलं. हैदराबादहून नागपूरकडे येताना, जानेवारी १८२३ मध्ये, ते वाटेतच वारले. वारले ते हिंगणघाटला. आपलं हिंगणा वेगळं. (नेटवर शोधताना या दोन नावांची जी सरमिसळ होते ती होतेच, सावध राहा. भर म्हणजे हिंगण्याजवळून वाहणारी वेणा नदीच पुढे हिंगणघाटला जाते, तिथे तिला वणा म्हणतात.) लॅम्ब्टन यांच्या त्रिकोणांना रंग नव्हता. त्यांचं काम होतं बिंदू पक्का करणं. रंग खूप नंतर आले. १९०५ च्या सुमारास सर्वेक्षणाची फेररचना झाली आणि रंगीत स्थलदर्शक नकाशांचं, म्हणजे टोपोशीटचं, युग सुरू झालं.

टोपोशीटचे रंग तुम्ही शाळेत पाठ केलेत: पाणी निळं, जंगल हिरवं, शेती पिवळी, वस्ती लाल, समोच्च रेषा तपकिरी, नावं काळी. पाठ करताना एक बारीक गोष्ट निसटते. नदी सरसकट निळी नसते. पात्रात पाणी असेल तर निळं, कोरडं असेल तर काळं. साधनसंपत्ती आहे की नाही हे रंगाने सांगायची पद्धत इथे स्पष्ट दिसते, आणि खेळातला निळा ठोकळा जे काम करतो त्याच्याशी तिचं नातंही लक्षात येतं. फरक एवढाच की टोपोशीटचा निळा कुणाच्याही हातात निळाच राहतो. पण तो त्या वर्षीचा निळा असतो. सर्वेक्षण कोणत्या साली झालं ते पत्रकावर छापलेलं असतं, आणि ते न वाचता नाल्याला निळा म्हणणं म्हणजे जुन्या रेल्वे टाइमटेबलवर गाडी पकडायला जाणं.

हिंगण्याच्या बाबतीत टोपोशीट आणखी एक गंमत दाखवतं. ७९ अंश पूर्व रेखावृत्त हिंगणा आणि नागपूर शहर यांच्या मधून जातं. त्यामुळे जुन्या क्रमपद्धतीत नागपूर ५५ ओ/४ या पत्रकावर येतं आणि हिंगणा शेजारच्या ५५ के/१६ वर. आज मेट्रोची अ‍ॅक्वा मार्गिका हिंगणा रोडने लोकमान्य नगरपर्यंत येते, रोज हजारो लोक शहर ते एमआयडीसी असा प्रवास करतात, पण कागदावर ही दोन गावं दोन वेगळ्या पत्रकांत आहेत. शेजारची दोन पत्रकं एकाच साली सर्वेक्षित झाली असतील असं गृहीत धरू नका. जोडपत्रकाच्या सीमेवर रंग अचानक बदललेला दिसला, तर जमीन बदलली की फक्त साल बदललं, हे आधी तपासायचं.

टोपोशीट 'इथे काय आहे' ते सांगतं. त्यानंतर आला 'इथलं वापरावं का' हे सांगणारा रंग, आणि तो आपल्या ग्रामीण महाराष्ट्रात रोजच्या कारभारातला आहे. ग्रामपंचायतीच्या पाण्याच्या स्रोतांचं स्वच्छता सर्वेक्षण वर्षातून दोनदा होतं, एकदा पावसाळ्यापूर्वी, एकदा नंतर. विहिरीभोवती ओटा आहे का, गटार किती जवळ आहे, ब्लिचिंग पावडर साठवलेली आहे का, अशा गोष्टी बघतात आणि जोखमीनुसार ग्रामपंचायतीला लाल, पिवळं किंवा हिरवं कार्ड देतात. सलग पाच वर्षं हिरवं टिकवलं तर चंदेरी. नीट बघा, कार्ड कुणाला मिळतं? पंचायतीला. पाणी मात्र लोक एकेका विहिरीचं, एकेका हातपंपाचं पितात. हिरव्या कार्डाच्या गावातही एखादा स्रोत जोखमीचा असू शकतो. संशोधनाच्या भाषेत, मोजणीचा एकक आणि निष्कर्षाचा एकक वेगळे आहेत. ही चूक प्रबंधांत इतक्या वेळा दिसते की परीक्षक ती शोधण्याचीच सवय लावून घेतात.

रंगाचा हा निवाडा किती जड असू शकतो, त्याचं उदाहरण बांगलादेशात आहे. विसाव्या शतकाच्या शेवटी तिथल्या कूपनलिकांच्या पाण्यात आर्सेनिक असल्याचं मोठ्या प्रमाणावर लक्षात आलं. मग गावोगाव तपासणी झाली, सुमारे ५० लाख कूपनलिका तपासल्या गेल्या आणि त्यांच्या तोट्या रंगवल्या: लिटरला ५० मायक्रोग्रॅमपेक्षा जास्त आर्सेनिक असेल तर लाल, कमी असेल तर हिरवा. रंगामुळे असंख्य लोकांनी विहीर बदलली, जीव वाचले. पण ५० ही तिथली राष्ट्रीय मर्यादा होती; जागतिक आरोग्य संघटनेची मार्गदर्शक पातळी १० आहे. म्हणजे ३० मायक्रोग्रॅमची विहीर एका मोजपट्टीवर हिरवी, दुसऱ्या मोजपट्टीवर धोक्याची. शिवाय रंग उडतो, आणि तपासणीनंतर खोदलेल्या नव्या कूपनलिकांना रंगच नसतो. रंग नसलेली विहीर चांगली की वाईट? दोन्ही नाही, ती न तपासलेली. हे वाक्य लक्षात ठेवा, खेळाकडे परतताना लागणार आहे.

खेळाकडे येऊ. २ मे २००० च्या आधी असा खेळ शक्यच नव्हता. तोवर अमेरिकी सरकार नागरी जीपीएसच्या संकेतात मुद्दाम चूक मिसळत असे आणि जागा सुमारे १०० मीटरने इकडेतिकडे दिसे. त्या दिवशी ती चूक बंद झाली. दुसऱ्याच दिवशी ओरेगनमध्ये एकाने जंगलात डबा लपवून त्याचे अक्षांश-रेखांश नेटवर टाकले. जिओकॅशिंग सुरू झालं ते तिथून. पोकेस्टॉप फिरवायला खेळाडू सुमारे ४० मीटरच्या आत असावा लागे. १०० मीटर चुकणाऱ्या यंत्रावर ४० मीटरचं वर्तुळ आखता येत नाही, एवढं गणित तुम्ही मनात करू शकता.

मग २०१२ चा नोव्हेंबर. गुगलच्या आत जॉन हँके यांनी काढलेल्या नायंटिक या गटाने इनग्रेस नावाचा खेळ आणला. हँके यांची आधीची कंपनी कीहोल; गुगल अर्थ तिच्यातून आलं. म्हणजे माणूस मूळचा नकाशावाला. इनग्रेसमध्ये जगातल्या पुतळे, स्मारकं, भित्तिचित्रं, देवळं अशा जागांवर 'पोर्टल' होते आणि दोन पक्ष ते जिंकत. पोर्टल हिरवा म्हणजे एन्लायटन्ड पक्षाचा, निळा म्हणजे रेझिस्टन्सचा, करडा म्हणजे कुणाचाच नाही. रंग मालकी सांगत होता, सगळ्यांना सारखीच.

या पोर्टलांची यादी आली कुठून? काही जागा ऐतिहासिक फलकांच्या आधीच्या नोंदींतून आणि लोकांनी नेटवर टाकलेल्या, जागेची नोंद असलेल्या फोटोंतून. बाकी प्रचंड मोठा वाटा खेळाडूंचा. फोटो काढायचा, नाव लिहायचं, पाठवायचं. हँके यांनी २०१६ मध्ये सांगितलेला आकडा असा: सुमारे १.५ कोटी सूचना आल्या, ५० लाखांच्या आसपास स्वीकारल्या. पुढे २०१५ मध्ये नव्या सूचना घेणं थांबवलं गेलं. आणि जुलै २०१६ मध्ये याच यादीवर पोकेमॉन गो उभा राहिला. काही पोर्टल पोकेस्टॉप झाले, काही जिम.

या दोन तारखा शेजारी ठेवून बघा. पोकेमॉन गो आला तेव्हा नकाशावर जे होतं, ते २०१२ ते २०१५ या काळात इनग्रेस खेळणाऱ्यांनी, म्हणजे एका फार छोट्या गटाने, पाहिलेलं जग होतं. चांगला फोन, चालू इंटरनेट, इंग्रजी इंटरफेस आणि पुतळ्यासमोर उभं राहून फोटो पाठवायची हौस, हे सगळं एकत्र लागत होतं. भारतात जिओची सेवा सुरू झाली ५ सप्टेंबर २०१६ ला. त्याआधी डेटा पॅक किती जपून वापरत होतो ते तुमच्यातल्या मोठ्यांना आठवत असेल. ज्या गावात त्या तीन वर्षांत एकही इनग्रेस खेळाडू फिरकला नाही, ते गाव पोकेमॉन गोच्या नकाशावर कोरं उगवलं, तिथे हनुमानाचं देऊळ, शाळा, बाजार, चावडी सगळं असताना. कोरं म्हणजे रिकामं नाही. न तपासलेली विहीर.

अमेरिकेत हे लगेच मोजलं गेलं. अर्बन इन्स्टिट्यूटने ऑगस्ट २०१६ मध्ये वॉशिंग्टन शहराचा हिशेब मांडला: बहुसंख्य गोऱ्या वस्तीत सरासरी ५५ जागा, बहुसंख्य कृष्णवर्णीय वस्तीत १९. पुढच्या वर्षी सीएचआय परिषदेत अ‍ॅश्ली कोली आणि सहकाऱ्यांनी अधिक व्यवस्थित विश्लेषण मांडलं आणि ग्रामीण भागांनाही तोटा होतो हे दाखवलं. तुम्ही या विषयावर काही करणार असाल तर तो निबंध आधी वाचा. नायंटिकने भेदभाव करायचा म्हणून केला, असं त्यात नाही. यादी ज्यांनी भरली त्यांच्या पायवाटा यादीत उतरल्या, इतकंच. मला तर हे जास्त अस्वस्थ करणारं वाटतं, कारण दोष द्यायला कुणी सापडत नाही.

भारताची गोष्ट थोडी वेगळ्या वळणाने गेली. फोटो काढण्यासारखी, नाव असलेली, सगळ्यांना माहीत असलेली जागा म्हटलं की आपल्याकडे आधी देऊळच आठवतं, त्यामुळे धर्मस्थळं यादीत भरपूर आली. पोकेस्टॉपवर खेळातली अंडी मिळतात. सप्टेंबर २०१६ मध्ये, खेळ भारतात अधिकृतपणे यायच्याही आधी, गुजरात उच्च न्यायालयात जनहित याचिका झाली की देवळांत अंडी दाखवल्याने भावना दुखावतात. न्यायालयाने सरकारांना आणि कंपनीला नोटीस काढली. हसू नका. यादी बनवताना 'सांस्कृतिक स्थळ' हा एकच रकाना ठेवला आणि त्यात पुतळा, कारंजं, गाभारा सगळं भरलं, तर असं होतंच.

डिसेंबर २०१६ मध्ये खेळ भारतात आला तो रिलायन्स जिओशी करार करून, आणि रिलायन्स डिजिटलची दुकानं पोकेस्टॉप किंवा जिम झाली. जपानमध्ये त्याच वर्षी मॅकडोनाल्ड्सची सुमारे ३,००० हॉटेलं अशीच आली होती. इथून यादीत दोन वंशावळी मिसळल्या: लोकांनी सुचवलेल्या जागा आणि कराराने आलेल्या जागा. ठोकळा दोघांचाही निळाच. तुमच्या तक्त्यात त्या एकाच रकान्यात गेल्या तर तुम्ही 'सार्वजनिक जागा' या नावाखाली शोरूम मोजताय.

पुढच्या वर्षी खालचा नकाशाही बदलला. १ डिसेंबर २०१७ पासून पोकेमॉन गोची पार्श्वभूमी गुगलऐवजी ओपनस्ट्रीटमॅपवरून यायला लागली. ओपनस्ट्रीटमॅप कुणीही संपादित करू शकतं, आणि बागेत विशिष्ट पोकेमॉन जास्त येतात हे खेळाडूंना माहीत होतं. मग काय, लोकांनी स्वतःच्या घराजवळ नसलेल्या बागा काढायला सुरुवात केली. हिरवा रंग उमटला, झाडाचं पान नाही. यावर युहास आणि सहकाऱ्यांचा २०२० चा निबंध आहे, नकाशांची नासधूस असा विषय घेऊन. हिंगणा परिसरातल्या हिरव्या जागांसाठी ओपनस्ट्रीटमॅप वापरणार असाल, तर प्रत्येक आकृतीचा संपादन-इतिहास उघडून बघा. तो सगळ्यांना खुला आहे.

काळाचीही नोंद ठेवा. २०२० मध्ये महामारीत ४० मीटरचं अंतर ८० केलं गेलं. ऑगस्ट २०२१ मध्ये काही देशांत पुन्हा ४० करून पाहिलं, खेळाडूंनी बहिष्काराची हाक दिली आणि ८० कायम झालं. त्रिज्या दुप्पट म्हणजे क्षेत्रफळ चौपट. त्या बदलाच्या अलीकडचा आणि पलीकडचा 'पोहोच'चा नकाशा एकमेकांशी तोलता येत नाही. नायंटिकचाच हॅरी पॉटरवरचा खेळ, ज्यात जादूची ऊर्जा सरायांतून मिळायची, ३१ जानेवारी २०२२ ला बंद झाला आणि त्याचा नकाशा त्या दिवशी पडद्यावरून गेला. २०२५ मध्ये पोकेमॉन गोसुद्धा स्कोपली या कंपनीकडे गेला. खासगी यादीवर प्रबंध लिहायचा तर ती यादी तुमच्या व्हायव्हापर्यंत जागेवर असेलच असं नाही.

मग हिंगण्यात काय करता येईल? ठोकळे मोजू नका, गैरहजेरी मोजा. एक छोटा पट्टा घ्या, लोकमान्य नगर मेट्रो स्टेशनपासून वानाडोंगरीपर्यंतचा पुरेल. पायी फिरा आणि खेळ न उघडता स्वतःची यादी करा: देऊळ, विहार, मशीद, पुतळा, वाचनालय, व्यायामशाळा, पाण्याची टाकी, कारखान्याच्या फाटकाजवळचा चहाचा ठेला, जिथे शिफ्ट सुटल्यावर लोक खरंच थांबतात. प्रत्येक नोंदीला तारीख आणि नोंद करणाऱ्याचं नाव. मग खेळ उघडा, दोन याद्या एकमेकांवर ठेवा आणि तुमच्या यादीत असलेलं पण खेळात नसलेलं काय ते वेगळं काढा. स्वीकाराचे नियमही वाचा, कारण खासगी घर, प्राथमिक शाळा किंवा पायी पोहोचता न येणारी जागा नियमानेच वगळली जाते. ती गैरहजेरी वेगळ्या रकान्यात जाईल. उरलेल्यात चहाचा ठेला येईल की नाही, यावर तुमच्या गाईडशी वाद होईल. तो होऊ द्या.

आणि ठोकळ्यांचे रंग लिहून घ्यायचेच असतील, तर दोन फोन न्या. एकावर त्या दिवशी एकही चकती फिरवू नका.